अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धांतील स्त्रियांची कामगिरी

अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धाचा विषय निघाला कीं जॉर्ज वॉशिंग्टन, थॉमस जेफर्सन, बेंजामिन फ्रँकलिन हीं नांवें सहजच आपल्या ओठांवर येतात. तीं यावींत हें योग्यच आहे. परंतु १९ एप्रिल १७७५ रोजीं लेक्झिंग्टन येथें पहिली चकमक झडली आणि ३ सप्टेंबर १७८३ रोजीं पॅरिसच्या तहावर सह्या झाल्या. या आठ वर्षांहून अधिक काळांत शेतें कोणीं राखलीं, शिपायांच्या अंगावरचे सदरे कोणीं शिवले, आजारी व जखमी माणसांच्या उशाशीं कोण बसलें आणि घरधनी रणांगणावर असतां घरचे देण्याघेण्याचे हिशेब कोणीं सांभाळले, हे प्रश्न क्रमिक पुस्तकांत क्वचितच विचारले जातात. त्यांचीं उत्तरें शोधूं लागलें म्हणजे त्या युद्धाची एक निराळीच बाजू दृष्टीस पडते. तीच आज आपणांपुढें मांडण्याचें मीं योजिलें आहे.

आरंभीं काळाची थोडी ओळख करून घेऊं. १७७९ सालच्या जानेवारींत वडगांव येथें मराठ्यांनीं मुंबईकर इंग्रजांच्या फौजेला कोंडून तह करावयास लाविलें, त्या वेळीं अटलांटिक महासागराच्या पलीकडे वॉशिंग्टन याच इंग्रजांशीं झुंजत होता. १७८२ च्या मे महिन्यांत आपल्याकडे सालबाईचा तह झाला, आणि पुढच्याच वर्षीं पॅरिसचा. यॉर्कटाउन येथें १९ ऑक्टोबर १७८१ रोजीं ज्या लॉर्ड कॉर्नवॉलिसच्या फौजेनें शस्त्रें खालीं ठेविलीं, तोच कॉर्नवॉलिस १७८६ मध्यें गव्हर्नर जनरल होऊन हिंदुस्थानांत आला. बोस्टनच्या बंदरांत १६ डिसेंबर १७७३ रोजीं ज्या चहाच्या पेट्या पाण्यांत फेंकण्यांत आल्या, त्याही ईस्ट इंडिया कंपनीच्याच होत्या. तेव्हां हा इतिहास आपणांस वाटतो तितका परका नाहीं.

त्या काळीं महेश्वर येथें अहिल्याबाई होळकर राज्यकारभार पाहत होत्या. अमेरिकेंतील तेरा वसाहतींपैकीं एकीचाही कारभार स्त्रीच्या हातीं नव्हता. इंग्रजी कायद्याप्रमाणें विवाहित स्त्रीला स्वतंत्र अस्तित्वच नसे. तिची जंगम मिळकत नवर्‍याची, तिची कमाई नवर्‍याची, आणि तिच्या एकटीच्या सहीनें करारही होत नसे. मत देण्याची तर गोष्टच नको. हें ध्यानांत ठेविलें म्हणजे पुढें जें सांगावयाचें आहे त्याचें खरें मोल कळेल. ज्यांना कायद्यानें आवाज दिला नव्हता, अशांनीं हें काम केलें.

लढ्याचा पहिला टप्पा बंदुकीचा नव्हता. तो कापडाचा आणि चहाचा होता. १७६७ मध्यें ब्रिटिश पार्लमेंटनें कांच, कागद, रंग, शिसें आणि चहा या मालावर वसाहतींत जकात बसविली. वसाहतींतील पुढार्‍यांनीं विलायती मालावर बहिष्कार पुकारला. पण बहिष्कार पुकारणें हें सभेंतलें काम, आणि तो पाळणें हें घरांतलें काम. सभेंत ठराव करणार्‍या पुरुषाच्या अंगावरचा अंगरखा जर विलायती कापडाचा नको, तर तो सुताचा हवा. आणि सूत कोणी तरी कातावयास हवें. न्यू इंग्लंड प्रांतांत गांवोगांव स्त्रिया आपापले चरखे घेऊन एकत्र जमूं लागल्या. पुष्कळ ठिकाणीं हे मेळावे गांवच्या धर्मोपदेशकाच्या घरीं भरत. दिवसभर सूतकताई चाले, सायंकाळीं प्रवचन होई, आणि दिवसाचें सूत यजमानाच्या स्वाधीन होई. कोणी किती लड्या कातल्या याचे आंकडे वर्तमानपत्रांत छापून येत. ज्या देशानें पुढें चरखा हेंच आपल्या चळवळीचें चिन्ह मानलें, त्या देशांतील श्रोत्यांस याचें मर्म निराळें समजावून सांगण्याची गरज नाहीं.

चहाचेंही तसेंच झालें. १७७० सालच्या जानेवारी महिन्यांत बोस्टन शहरांतील तीनशेंहून अधिक गृहिणींनीं चहा न पिण्याच्या प्रतिज्ञेवर सह्या केल्या. चहाऐवजीं रानांतील झाडपाल्याचे काढे उकळून पाहुण्यांपुढें येऊं लागले. १७७४ सालीं, २५ ऑक्टोबर रोजीं, उत्तर कॅरोलिनांतील ईडन्टन नांवाच्या लहानशा गांवीं ५१ स्त्रियांनीं एका जाहीर ठरावावर आपापल्या नांवानिशीं सह्या केल्या. आपल्या प्रांताच्या प्रतिनिधिसभेनें केलेले बहिष्काराचे ठराव आम्हांसही बंधनकारक आहेत, कारण देशाचें सुख तें आमचें आणि आमच्या आप्तांचें सुख, असा त्याचा आशय होता. ही बातमी लंडनला पोंचली तेव्हां १७७५ मध्यें या बायकांची टर उडविणारें एक व्यंगचित्र तेथें छापलें गेलें. त्यांत त्यांना कुरूप व उच्छृंखल दाखविलें होतें. स्त्रियांनीं राजकारणाच्या कागदावर सही करावी हीच मुळीं त्या काळच्या सभ्य समाजाला हंसण्याजोगी गोष्ट वाटली. पण हंसणारांचें चित्र आणि त्या ५१ जणींचीं नांवें दोन्ही टिकलीं आहेत, आणि आज मान आहे तो त्या नांवांनाच.

आतां युद्ध सुरू झाल्यानंतरची घरांतली स्थिति पाहूं. त्यासाठीं एकाच घराचें उदाहरण घेतों, कारण त्या घरचीं पत्रें जपून ठेवलेलीं आहेत. मॅसॅच्युसेट्समधील ब्रेनट्री गांवीं ॲबिगेल ॲडम्स राहत असे. तिचा पति जॉन ॲडम्स १७७४ पासून फिलाडेल्फियाच्या काँग्रेसमध्यें आणि पुढें १७७८ पासून युरोपांतील वकिलातींच्या कामांत गुंतलेला होता. दहा वर्षांचा बहुतेक काळ पतिपत्नी एकमेकांपासून दूर राहिलीं. १७ जून १७७५ रोजीं बंकर हिलची लढाई जुंपली, तेव्हां तोफांचा आवाज ऐकून ती सात वर्षांच्या मुलाला घेऊन जवळच्या टेकडीवर चढली. तेथून मायलेकांनीं चार्ल्सटाउन जळतांना पाहिलें. तो मुलगा जॉन क्विन्सी पुढें अमेरिकेचा सहावा अध्यक्ष झाला. त्याच वर्षींच्या शरद ऋतूंत अतिसाराची साथ आली; तींत तिची आई गेली. १७७६ च्या उन्हाळ्यांत तिनें मुलांना घेऊन बोस्टनला जाऊन देवी टोचून घेतल्या. हें टोचणें म्हणजे आपल्या ओळखीची गाईची लस नव्हे. खर्‍या देवीचाच अंश अंगांत घालावयाचा, आणि रोग सौम्य येईल या आशेवर राहावयाचें! हा निर्णय तिनें नवरा शेंकडों मैल दूर असतां स्वतःच्या जबाबदारीवर घेतला. पुढील जुलैमध्यें तिला मृत मुलगी झाली. तेव्हांही तो जवळ नव्हता.

हीच ॲबिगेल शेताचें पाहत होती, मजूर मिळत नसतां मजूर मिळवीत होती, कर भरीत होती, आणि महागाईच्या दिवसांत युरोपांतून पतीनें पाठविलेले जिन्नस विकून संसार चालवीत होती. आरंभीं तिच्या पत्रांत पतीच्या शेताविषयीं लिहितांना ‘तुमचें शेत’ असा भाव असतो. वर्षें लोटलीं तसा त्यांत ‘आपलें’ हा भाव येऊं लागतो. शब्दांतला हा फरक लहान दिसतो, पण त्याच्यामागें कित्येक हंगामांचे श्रम आहेत.

३१ मार्च १७७६ रोजीं तिनें पतीला जें पत्र लिहिलें तें फार प्रसिद्ध आहे. तुम्ही नवे कायदे कराल तेव्हां स्त्रियांची आठवण ठेवा. नवर्‍यांच्या हातीं अमर्याद सत्ता देऊं नका, असें तिनें त्यांत सुचविलें. जॉन ॲडम्स हा विद्वान आणि न्यायी गृहस्थ होता. पत्नीवर त्याचें निस्सीम प्रेम होतें. पण १४ एप्रिलच्या उत्तरांत त्यानें ही सूचना हंसण्यावारी नेली. त्यानंतर तीन महिन्यांच्या आंतच स्वातंत्र्याचा जाहीरनामा निघाला आणि सर्व पुरुष समान आहेत असें जगाला सांगण्यांत आलें. स्त्रियांचा उल्लेख त्यांत नव्हता.

पण स्त्रिया नुसतीं पत्रेंच लिहीत नव्हत्या. १७७७ सालच्या जुलै महिन्यांत बोस्टन शहरांत कॉफी आणि साखर यांचा तुटवडा पडला. एका धनिक व्यापार्‍यानें कॉफी वखारींत दडवून ठेविली होती आणि नेमस्त दरानें तो ती विकीना. तेव्हां शंभरएक बायका गाडा घेऊन त्याच्या वखारीवर गेल्या आणि त्यांनीं किल्ल्या मागितल्या. त्यानें नकार देतांच एकीनें त्याची मान धरून त्याला गाड्यांत लोटलें. सुटका नाहीं असें पाहून त्यानें किल्ल्या दिल्या. बायकांनीं वखार उघडली, कॉफी स्वतःच बाहेर काढली, गाड्यांत भरली आणि त्या निघून गेल्या. पुरुषांचा मोठा जमाव हें सारें अवाक् होऊन पाहत उभा होता. ही हकीकत ॲबिगेलनेंच पतीला कळविली आहे. साठेबाजाशीं कसें वागावें हा प्रश्न प्रत्येक युद्धांत उपस्थित होतो. बोस्टनच्या बायकांनीं आपल्यापुरता तो सोडविला.

आतां छावणीकडे वळूं. आपल्याकडील जुन्या लष्करांबरोबर जसा बाजारबुणग्यांचा तांडा चाले, तसा वॉशिंग्टनच्या सैन्याबरोबरही असे. त्यांत शिपायांच्या बायका, विधवा आणि पोरेंबाळें असत. ज्यांचें घर जळलें किंवा ज्यांना घरीं पोटाला मिळत नव्हतें, त्या दुसरीकडे जाणार कोठें? १७७७-७८ चा हिवाळा सैन्यानें व्हॅली फोर्ज येथें काढला. तेथें सुमारें १२,००० शिपाई आणि सुमारें ४०० स्त्रिया होत्या. त्या सहा महिन्यांत एकही लढाई न होतां नुसत्या रोगराईनें दोन हजारांच्या आसपास माणसें दगावलीं. अशा ठिकाणीं कपडे उकळून धुणारी बाई ही तोफेइतकीच गरजेची असते. कपडे मळले कीं उवा, आणि उवा झाल्या कीं ज्वर, हा क्रम ठरलेला. धुणें, शिवणें, स्वयंपाक आणि शुश्रूषा या कामांसाठीं त्यांना शिध्यांत वांटा मिळे. १७७५ मध्यें काँग्रेसनें लष्करी रुग्णालयाची व्यवस्था ठरविली, तींत दर दहा रोग्यांमागें एक परिचारिका नेमावी असें ठरलें. तिचा पगार महिना दोन डॉलर! माणसें मिळेनात, तेव्हां १७७७ मध्यें तो आठ डॉलर करावा लागला. पगार जसा कमी, तसा धोका अधिक. कारण त्या काळच्या रुग्णालयांत शिरणें म्हणजे रोगाला आमंत्रण देणेंच होतें.

या स्त्रियांना मान किती मिळाला? १७७७ च्या ऑगस्ट महिन्यांत वॉशिंग्टनची फौज फिलाडेल्फिया शहरांतून संचलन करीत जाणार होती. शिपायांनीं टोप्यांना हिरव्या डहाळ्या लावल्या, नगारे वाजले. पण हुकूम असा निघाला कीं सैन्याबरोबरची एकही बाई या मिरवणुकींत दिसतां कामा नये. त्यांना सामानाच्या गाड्यांबरोबर दुसर्‍या वाटेनें नेण्यांत आलें. वॉशिंग्टनला दोष देण्यासाठीं मी हें सांगत नाहीं. आपलें सैन्य शहरवासीयांस नीटनेटकें दिसावें अशी सेनापतीची इच्छा असणें साहजिक आहे. परंतु पुढें इतिहासकारांनींही बहुधा तोच हुकूम पाळला. राजरस्त्यानें गेले ते पुस्तकांत आले. आडवाटेनें गेलेल्या पुस्तकाबाहेर राहिल्या.

कांहीं स्त्रिया मात्र प्रत्यक्ष तोफेपाशीं उभ्या राहिल्या. १६ नोव्हेंबर १७७६ रोजीं न्यूयॉर्कजवळील फोर्ट वॉशिंग्टनवर शत्रूचा हल्ला झाला. तेथें जॉन कॉर्बिन नांवाचा गोलंदाज मारला गेला, तेव्हां त्याची पत्नी मार्गारेट हिनें त्याची जागा घेतली आणि ती तोफ चालवीत राहिली. शेवटीं खांदा, छाती आणि जबडा जखमी होऊन ती पडली. तिचा एक हात कायमचा निकामी झाला. ६ जुलै १७७९ रोजीं काँग्रेसनें तिला शिपायाच्या निम्म्या वेतनाइतकी तनखा जन्मभर मंजूर केली आणि वर एक पोशाख दिला. युद्धांतील कामगिरीबद्दल अमेरिकेच्या काँग्रेसकडून अशी तनखा मिळविणारी ही पहिली स्त्री. धैर्य पुरुषाइतकें, जखमा पुरुषाइतक्या, आणि वेतन अर्धें! तिच्या मृत्यूनंतर सव्वाशें वर्षांनीं, १९२६ मध्यें, तिच्या म्हणून समजल्या गेलेल्या अस्थि वेस्ट पॉइंट येथील लष्करी स्मशानभूमींत समारंभानें पुरण्यांत आल्या. पण अलीकडे त्यांची शास्त्रीय तपासणी झाली आणि २०१७ मध्यें असें जाहीर झालें कीं त्या अस्थि एका पुरुषाच्या आहेत. मार्गारेटचें स्मारक आहे, पण तिची समाधि कोठें आहे हें आज कोणालाच ठाऊक नाहीं.

२८ जून १७७८ रोजीं मन्मथ येथें भर उन्हांत लढाई झाली. तींत मेरी हेज ही तान्हेल्या शिपायांना पाणी देत होती, आणि नवर्‍याच्या तोफेवरही तिनें काम केलें अशी ख्याति आहे. पेनसिल्व्हेनियाच्या विधिमंडळानें १८२२ मध्यें तिला वार्षिक ४० डॉलर मंजूर केले. म्हणजे लढाईनंतर चव्वेचाळीस वर्षांनीं. पुढें अशा सर्वच पाणीवाल्या बायकांना लोक ‘मॉली पिचर’ या एकाच नांवानें ओळखूं लागले. आख्यायिकेचा हा गुणही आहे आणि दोषही. ती स्मृति टिकविते, पण अनेकींचे चेहरे पुसून एकच चेहरा ठेविते.

डेबोरा सॅम्पसन हिची गोष्ट आम्हां शिक्षकांना विशेष जिव्हाळ्याची वाटावी. ही मुलगी उन्हाळ्यांत गांवची शाळा शिकवी आणि हिवाळ्यांत माग चालवी. १७८२ मध्यें पुरुषवेष करून व रॉबर्ट शर्टलिफ हें नांव घेऊन ती मॅसॅच्युसेट्सच्या पलटणींत भरती झाली. एका चकमकींत तिच्या मांडीला गोळी लागली, तेव्हां आपलें बिंग फुटूं नये म्हणून वैद्याला न दाखवितां ती तिनें स्वतःच काढली. पुढें फिलाडेल्फियांत ती तापानें बेशुद्ध झाली असतां डॉक्टरला खरी गोष्ट कळली. त्यानें ती बभ्रा न करतां वरिष्ठांस कळविली आणि १७८३ च्या ऑक्टोबरांत तिला सन्मानपूर्वक निरोप मिळाला. तनखा मात्र १८०५ मध्यें मिळाली. ती १८२७ मध्यें वारली. त्यानंतर तिच्या नवर्‍यानें असा अर्ज केला कीं शिपायाच्या विधवेस जें मिळतें तें शिपाईबाईच्या विधुरासही मिळावें. काँग्रेसच्या समितीनें १८३७ मध्यें तो अर्ज उचलून धरला, पण पैसे मंजूर होईतों तो बिचाराही वारला होता.

आतां मी जी हकीकत सांगणार आहें ती माझ्या मतें या सर्वांत महत्त्वाची आहे, कारण तींत एकट्यादुकट्या स्त्रीचें धाडस नसून अनेक स्त्रियांची संघटना आहे. १७८० चा मे महिना. चार्ल्सटन शहर शत्रूच्या हातीं पडलें होतें, शिपायांना पगार नव्हता, आणि कागदी डॉलरची किंमत मातीमोल झाली होती. अशा वेळीं फिलाडेल्फियांत एस्तर रीड नांवाच्या स्त्रीनें १० जून रोजीं एक छापील पत्रक काढलें. ही मूळची लंडनची. १७७० मध्यें लग्न होऊन अमेरिकेंत आलेली. घरांत लहान मुलें, आणि ती स्वतः नुकतीच देवीच्या दुखण्यांतून उठलेली. स्त्रियांनीं आपल्या चैनीच्या वस्तू सोडून तो पैसा शिपायांना द्यावा असें तिनें आवाहन केलें. मग शहराचे विभाग पाडण्यांत आले आणि प्रतिष्ठित घरांतील स्त्रिया जोडीजोडीनें दारोदार वर्गणी मागत फिरूं लागल्या. कुलवंतांच्या लेकीसुनांनीं पदर पसरून दारोदार हिंडावें हें कित्येकांना रुचलें नाहीं. पण त्या हिंडल्या. १,६०० हून अधिक लोकांनीं पैसे दिले. फिलिस नांवाच्या एका काळ्या स्त्रीनें साडेसात शिलिंग दिले, तर लाफायेतनें आपल्या पत्नीच्या नांवें शंभर गिनी दिल्या. एकूण रक्कम तीन लाख कागदी डॉलरवर गेली. नाण्याच्या हिशेबानें ती साडेसात हजार डॉलरांच्या आसपास भरे, यावरून कागदाची काय अवस्था झाली होती तें दिसेल.

या पैशाचें काय करावें यावर एस्तर रीड आणि वॉशिंग्टन यांच्यांत पत्रव्यवहार झाला. प्रत्येक शिपायाच्या हातावर दोन रोख डॉलर ठेवावेत, म्हणजे त्याला ही भेट वाटेल, असें तिचें म्हणणें. सदरा देणें हें सरकारचें कामच आहे. तें केल्यानें भेट कशी झाली? वॉशिंग्टनचें म्हणणें असें कीं खणखणीत नाणें हातीं आलें कीं शिपाई तें दारूंत घालवील, आणि कागदी पगाराबद्दल त्याचा असंतोष वाढेल; सदरेच हवेत. दोघांचेंही म्हणणें विचार करण्याजोगें आहे. शेवटीं सेनापतीचा शब्द राहिला. पण काम पुरें होण्यापूर्वींच, १८ सप्टेंबर १७८० रोजीं, एस्तर रीड ३३ व्या वर्षीं वारली. पुढचा भार बेंजामिन फ्रँकलिनची मुलगी सारा बाख हिनें उचलला. मजुरीचे पैसे वांचावे म्हणून स्त्रियांनीं कापड आणून स्वतःच बेतलें आणि शिवलें. दोन हजारांहून अधिक सदरे तयार झाले. प्रत्येक सदर्‍यावर तो शिवणारीचें नांव घातलेलें होतें. थंडीनें कुडकुडणार्‍या शिपायानें तो अंगांत चढविला असेल, तेव्हां आपल्यासाठीं कोणा अनोळखी बहिणीनें रात्री जागविल्या हें त्याला त्या नांवावरून कळलें असेल.

नांव घालण्यावरून आणखी एक गोष्ट आठवते. १७७७ च्या जानेवारींत काँग्रेसनें स्वातंत्र्याचा जाहीरनामा सर्व सह्या करणारांच्या नांवांसह छापण्याचें ठरविलें. तें काम बाल्टिमोरच्या मेरी कॅथरिन गॉडर्ड हिच्या छापखान्याकडे आलें. त्या नांवांखालीं आपलें मुद्रक म्हणून नांव घालणें म्हणजे राजद्रोहाचा पुरावा स्वतःच देणें होतें. तिनें तळाशीं आपलें पुरें नांव छापलें. १७७५ पासून ती तेथील टपालकचेरीची प्रमुखही होती. स्वातंत्र्य मिळाल्यावर, १७८९ मध्यें, तिला त्या जागेवरून काढण्यांत आलें. त्या कामासाठीं प्रवास करावा लागेल, तो स्त्रीला झेपणार नाहीं, असें कारण पुढें करण्यांत आलें! शहरांतील दोनशेंहून अधिक लोकांनीं तिच्यासाठीं अर्ज केला; त्याचा उपयोग झाला नाहीं.

श्रोतेहो, इतिहास सांगतांना हातचें राखूं नये. हें युद्ध स्वातंत्र्याचें होतें, पण सर्वांच्या स्वातंत्र्याचें नव्हतें. त्या वेळच्या सुमारें पंचवीस लाख वस्तींत पांच लाखांच्या आसपास माणसें गुलाम होतीं. गुलाम स्त्रियांनींही आपल्या परीनें स्वातंत्र्य शोधलें. पुष्कळ ठिकाणीं तें त्यांना इंग्रजांच्या गोटांत दिसलें. १७८१ मध्यें इंग्रजांचें एक लढाऊ जहाज खुद्द वॉशिंग्टनच्या माउंट व्हर्नन या जमिनीजवळ नदींत आलें, तेव्हां त्याचे १७ गुलाम त्यावर पळून गेले. त्यांत स्त्रियाही होत्या. त्याच वर्षीं मॅसॅच्युसेट्समध्यें बेट नांवाच्या एका गुलाम स्त्रीनें न्यायालयांत दावा लाविला. प्रांताच्या नव्या घटनेंत सर्व माणसें जन्मतः स्वतंत्र आहेत असें म्हटलें आहे, मग मी गुलाम कशी, हा तिचा साधा प्रश्न. ज्यूरीनें तिला मुक्त केलें आणि वर ३० शिलिंग नुकसानभरपाई दिली. तिनें एलिझाबेथ फ्रीमन असें नांव घेतलें. फ्रीमन म्हणजे स्वतंत्र मनुष्य. उलट १७७९ मध्यें अमेरिकन फौजेनें इरोक्वॉय या मूळ रहिवाशांचीं चाळिसांहून अधिक गांवें आणि उभीं मक्याचीं पिकें जाळलीं. तीं शेतें त्यांच्या स्त्रियांनीं पिकविलेलीं होतीं. एकीकडे स्त्रियांच्या हातचे सदरे घालून लढणारें सैन्य, आणि दुसरीकडे त्याच सैन्याच्या हातून स्त्रियांच्या श्रमाची राख, हीं दोन्ही चित्रें खरीं आहेत.

मग स्त्रियांच्या पदरांत काय पडलें? न्यू जर्सी प्रांताच्या १७७६ च्या घटनेंत पन्नास पौंडांची मिळकत असलेल्या सर्व रहिवाशांस मत दिलें होतें. त्यामुळें तेथील अविवाहित स्त्रिया आणि विधवा मतदान करूं लागल्या. १८०७ मध्यें कायदा करून तो हक्कही काढून घेण्यांत आला. संबंध राष्ट्रांत स्त्रियांना मताचा हक्क मिळाला तो १९२० मध्यें. ॲबिगेलच्या पत्राला खरें उत्तर मिळावयास एकशें चव्वेचाळीस वर्षें लागलीं. परंतु मध्यंतरीं एक गोष्ट घडली. १८४८ मध्यें सेनेका फॉल्स येथें स्त्रियांची परिषद भरली, तेव्हां तिनें आपला जाहीरनामा १७७६ च्या जाहीरनाम्याच्याच धर्तीवर लिहिला, आणि समानतेच्या वाक्यांत पुरुषांबरोबर स्त्रियांचा शब्द घातला. कॉफीच्या वखारीच्या किल्ल्या मागण्यापासून राज्याच्या किल्ल्या मागण्यापर्यंतचा हा प्रवास एकाच रस्त्यानें झालेला आहे.

या सर्व वृत्तांतावरून एक गोष्ट मला शेवटीं सांगावयाची आहे. ज्या स्त्रियांची आज आपण नांवें घेतलीं, त्यांचीं नांवें का टिकलीं? ॲबिगेलचीं पत्रें घरच्यांनीं जपलीं. ईडन्टनच्या स्त्रियांची यादी छापली गेली. मार्गारेट आणि डेबोरा यांचे तनखेचे कागद दप्तरांत राहिले. सदर्‍यांवर घातलेलीं नांवें मात्र सदर्‍यांबरोबरच विरून गेलीं. व्हॅली फोर्जच्या चारशें स्त्रियांपैकीं बहुतेकींचीं नांवें गेलीं तींही अशींच. शौर्य कमी म्हणून नांव जातें असें नाहीं. लिहून ठेवलें नाहीं म्हणून तें जातें.

आपल्याकडेही १९३० च्या आणि १९४२ च्या लढ्यांत गांवोगांवच्या कित्येक स्त्रियांनीं भूमिगतांना रात्रीं-अपरात्रीं जेवूं घातलें, निरोप पोंचविले, पोलिसांच्या झडत्या सोसल्या, आणि कर्ता पुरुष तुरुंगांत असतां मुलेंबाळें वाढविलीं. त्यांची मिरवणूक निघाली नाहीं आणि त्यांनीं ती मागितलीही नाहीं. त्या पिढींतील माणसें आतां फारशीं उरलीं नाहींत. पण त्यांच्या हकीकती अजून लेकीसुनांच्या, नातवंडांच्या तोंडीं आहेत; कोठें एखादें पत्र, एखादें तुरुंगाचें कार्ड ट्रंकेच्या तळाशीं आहे. माझें ऐकणार्‍या तरुण श्रोत्यांस, विशेषतः शाळेंत जाणार्‍या मुलामुलींस, माझें एवढेंच सांगणें आहे कीं, एक वही घ्यावी, घरांतील वडीलधार्‍या माणसांना विचारावें आणि जें कळेल तें नांव, गांव आणि सालासह उतरवून ठेवावें. त्याला मोठ्या विद्वत्तेची गरज नाहीं. शाई, कागद आणि थोडी आस्था एवढें भांडवल त्यास पुरे आहे.